लग्नापुरती मिठाची गुळणी

लग्न आठवड्यावर आलं आणि बारकीच्या हातून एका आजोबांचा सुळा बिघडला.

ती दातांच्या लॅबमध्ये कवळ्या बनवायची. मेणात एकेक दात बसवायचा, कोरणीने हिरडीला आकार द्यायचा, हे काम तिच्या बोटांत इतकं मुरलं होतं की गप्पा मारता मारता ती अख्खी कवळी लावून टाकायची. पण त्या दिवशी सुळा असा तिरका बसला की आजोबा नुसते हसले असते तरी चावायला निघालेत असं वाटलं असतं.

"काढ तो," लॅबच्या मालकीणबाई शेजारच्या टेबलावरून म्हणाल्या. "आणि दोघींना चहा घेऊन ये. नवरीच्या हातात कोरणी देऊ नये, हे मला आधीच कळायला हवं होतं."

बारकी हसली. खुशीत तर ती होतीच. तिचे पाय सध्या जमिनीला लागत नव्हते. रस्त्याने चालताना मध्येच गुणगुणायची, दुकानाच्या काचेत स्वतःला बघायची आणि काचेतल्या बाईला मनातल्या मनात सांगायची, शनिवारी लग्न आहे माझं. तिचा होणारा नवरा पोहायला शिकवायचा. पाण्याला घाबरणाऱ्या मोठ्या माणसांचा वर्ग त्याच्याकडे होता आणि ते सगळे त्याला प्रेमाने बदक सर म्हणायचे. बारकी त्याच वर्गातली. तिला पोहणं काही आलं नाही, बदक मात्र मिळाला.

काळजी होती ती घरच्यांची. नेमकं सांगायचं तर दोघांची, बाबांची आणि मामाची.

बाबा लिलाव पुकारायचे. जुन्या फर्निचरच्या गोदामात उंच स्टुलावर उभं राहून, हातोडी आपटत. आवाज असा की माईक बंद पडला तरी मागच्या रांगेला पत्ता लागायचा नाही. घरी आल्यावरही तो उतरायचा नाही. जेवताना त्यांनी मीठ मागितलं की शेजारच्या घरातून कोणी घेऊन येईल अशी धास्ती वाटायची. माणूस मनाचा निर्मळ, पण चारचौघांत सापडला की कोणाची तरी फिरकी घेतल्याशिवाय त्यांना घास गोड लागायचा नाही.

मामा म्हणजे आईचा धाकटा भाऊ. शिंपी. लग्न केलं नव्हतं, दुकानाच्याच मागे राहायचा, आणि राग सदानकदा नाकाच्या शेंड्यावर. "बसा" म्हटलं तर परकं केलं म्हणून रुसायचा आणि "बस" म्हटलं तर मान ठेवला नाही म्हणून. भांडायचा मात्र नाही. उठायचा, बूट घालायचा आणि चालू पडायचा.

ताईच्या लग्नात या दोघांची गाठ पडली होती. जेवणं चालली होती, बाबा रंगात आले होते. त्यांनी मामाचा खुर्चीवर काढून ठेवलेला कोट उचलला आणि तिथेच त्याचा लिलाव सुरू केला. "खुद्द मालकाने शिवलेला, एक बाही जरा लांब, पण माणूस आखूड नाही. बोला, कोण बोलतंय?" लोक हसून लोळले. बोली मात्र कोणीच लावली नाही, आणि त्या हशातच मामा नुसत्या शर्टावर निघून गेला. आई हातातलं ताट टाकून मागे धावली. ताई रडायला लागली. ताईच्या सासरी अजूनही त्या लग्नाचा विषय निघाला की आधी कोट आठवतो, मग नवरी.

तेव्हापासून दोघांचं बोलणं बंद. बाबा कामावर असताना मामा घरी यायचा, आणि बाबा दारात दिसले की त्याला अचानक दुकान आठवायचं. आता तेच दोघं एका हॉलमध्ये, एकाच दुपारी बसणार होते.

त्यातून बदकाच्या घरी माणसं दोनच, तो आणि त्याची आई. काकू ग्रंथालयात होत्या. सगळी नोकरी "शांतता राखा" या पाटीखाली झालेली. त्यांच्याकडे चहा प्यायची वेळ आली की बारकी चमचासुद्धा बशीत असा ठेवायची, जसं काही झोपलेल्या बाळाला खाली ठेवतेय.

दुसऱ्या दिवशी ती पोशाख घालून बघायला मामाच्या दुकानात गेली. मामा गुडघ्यावर बसून खालची कड टाचत होता, ओठांत टाचण्या धरलेल्या.

"मामा, शनिवारी तू पुढच्या रांगेत बसायचं."

"हालू नकोस."

"ऐकलंस ना?"

मामाने टाचण्या काढून उशीला खोचल्या. "येणार मी. तुझी सही होईपर्यंत थांबणार. जेवायला नाही थांबणार."

"का?"

"मला लग्नात भूक लागत नाही."

"मामा."

"हे बघ, तुझ्या बाबांनी माझ्यावरून एक शब्द जरी काढला ना, तर मी उठलोच म्हणून समज. मग मला बोल लावू नकोस. आधीच सांगून ठेवतो." त्याने तिला खांद्याला धरून आरशाकडे वळवलं. "आता बघ."

बारकीने बघितलं आणि पुढे काय बोलायचं होतं तेच विसरली. मोरपंखी रंग तिच्या अंगावर असा बसला होता की जणू कापड विणतानाच कोणी तिचं माप घेतलं होतं. तिने एक गिरकी घेतली, मग दुसरी. मामा इस्त्री हातात घेऊन मुद्दाम पाठमोरा झाला आणि वाफ डोळ्यांत गेली म्हणाला. इस्त्री गार होती, हे तिने बोलून दाखवलं नाही.

संध्याकाळी तलावावर, वर्ग सुटल्यावर, तिने बदकाला आपली सगळी योजना सांगितली. बाबा या टोकाला, मामा त्या टोकाला, मध्ये ताईच्या सासरची धिप्पाड मंडळी, म्हणजे एकमेकांना दिसायलाच नकोत. माईक कपाटात कुलूपबंद. जेवणं सुरू झाली की बाबांना ताईच्या ताब्यात द्यायचं.

बदक टॉवेलने कान पुसत ऐकत होता. "बाबांना हे माहीत आहे का?"

"योजना? वेडा आहेस का?"

"योजना नाही. तुला त्यांची धास्ती वाटते, ते."

"त्यांची नाही वाटत. ते काय करतील त्याची वाटते."

"तेच. कधी सांगितलंस त्यांना?"

बारकीने आठवून बघितलं. सांगितलं नव्हतं. घरात कोणीच कधी सांगितलं नव्हतं. सगळे बाबांच्या मागे कपाळाला हात लावायचे, तोंडावर मात्र हसायचे.

"तुला आवडतात ना ते?" बदकाने विचारलं.

"खूप."

"मग सांगून टाक. फार तर काय, चिडतील. माझ्याकडचे लोक पाण्यात उतरायच्या आधी काठावरच अर्धे बुडून घेतात, तसं तुझं चाललंय."

म्हणून ती गोदामात गेली. त्या दिवशीचा लिलाव संपला होता, गिऱ्हाइकं पांगली होती. आरशाच्या कपाटांची एक रांग भिंतीला लावलेली होती आणि बाबा त्या कपाटांसमोर उभं राहून, हात पसरून बोलत होते.

"ये, बरी आलीस. भाषण ऐक. सुरुवात तुझ्या पहिल्या पडलेल्या दातापासून आहे. दात पाडणारी ती आज दात बसवणारी, कसं वाटतं?"

भाषण खरंच चांगलं होतं, आणि म्हणूनच तिला बोलणं जड गेलं. ती एका विकाऊ खुर्चीवर बसली.

"बाबा, भाषण नको."

"लांब होतंय का? मधलं कापतो."

"सगळंच नको. आणि मामाची गंमतही नको. ताईच्या लग्नात झालं ते माझ्या लग्नात झालं तर मला सोसायचं नाही. मला इतका आनंद झालाय बाबा, आणि तरी रोज सकाळी घाबरूनच उठते. तुम्ही काय कराल या विचाराने."

आरशांमधले सगळे बाबा एकदम खाली बघायला लागले.

"सगळे हसले होते गं तेव्हा," ते म्हणाले.

"मामा नव्हता हसला. ताईही नाही."

त्यांनी हातातल्या हातोडीचा दांडा अंगठ्याने पुसला, जसा काही त्याला डाग पडला होता. तिला वाटलं आता आवाज चढणार. पण तो चढला नाही.

"बरं. नाही बोलणार."

"तसं नाही, थोडं बोला ना. लोकांशी वगैरे."

"थोडं मला जमत नाही, बारके. माझं एक तर चालू असतं, नाहीतर बंद. तुझ्या लग्नात बंद."

गोदामातून बाहेर पडली तेव्हा तिला एकदम हलकं वाटत होतं. बसची वाट न बघता ती चालतच घरी गेली आणि वाटेत कारण नसताना फुलं घेतली.

शनिवार उजाडला तो उजेडानेच भरून. ताईने तिचे केस बांधायला घेतले आणि तीनदा सोडले, कारण नवरी जागेवर बसतच नव्हती. खिडकीत जायची, आईला मिठी मारायची, परत येऊन बसायची. "पायाला स्प्रिंगा लावल्यात हिच्या," ताई क्लिपा दातांत धरून म्हणाली. आईला हसू आवरेना.

हॉल पोस्टाच्या वरच्या मजल्यावर होता. लांब खिडक्या, खाली रस्ता, रस्त्यापलीकडे बसथांबा. टेबलावर फुलं होती, नोंदणी अधिकारी आपलं जाडजूड रजिस्टर उघडून चष्मा पुसत बसले होते, आणि बदक नव्या बुटांत असा चालत होता की त्याचं नाव का पडलं ते कोणाच्याही लक्षात यावं. त्याने तिला बघितलं आणि चालायचंच विसरला. बारकीला वाटलं, झालं, याहून जास्त मला काही नको.

आणि बाबा दाराशी उभे होते. मिठाची गुळणी धरून.

पाहुणे येत होते, बाबा मान हलवत होते. "अभिनंदन," मान. "मुलगी छान दिसतेय," मान. "घसा बसला का हो?" पुन्हा मान, आधी आडवी, मग घाईने उभी. कोणीतरी त्यांच्या हातात खोकल्याच्या गोळ्या ठेवल्या, त्या त्यांनी निमूट खिशात टाकल्या. ज्या माणसाचा आवाज गल्लीच्या तोंडाशी ऐकू यायचा तो असा खांबासारखा उभा बघून लोकांची कुजबूज सुरू झाली. जावई पसंत नाही वाटतं. नाहीतर डॉक्टरांनी काहीतरी सांगितलं असेल.

काकू हळूच बारकीजवळ आल्या. "तुझे बाबा माझ्यावर नाराज आहेत का गं? मी नमस्कार केला तर माझ्याकडे अगदी केविलवाणं बघितलं त्यांनी."

"नाही काकू, ते..." ती सांगायला लागली, तेवढ्यात मामा जिना चढून आला.

नवा कोट, दाढी गुळगुळीत, केस चापून बसवलेले. तो ना पुढच्या रांगेकडे गेला ना मागच्या. दारातच थबकला, कोट खाली ओढला आणि एव्हाना खिडकीपाशी सरकलेल्या बाबांच्या दिशेने सरळ चालू लागला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. हॉलमधल्या सगळ्या घरच्यांनी श्वास रोखला.

बाबांनी त्याला येताना बघितलं. त्यांचा चेहरा लाल झाला, ओठ घट्ट मिटले, आणि मामा दोन हातांवर आला तसे ते गर्रकन वळून खिडकीबाहेर बघायला लागले.

मामा क्षणभर त्यांच्या पाठीकडे बघत राहिला. मग वळला आणि आला तसा जिना उतरून गेला.

"गेला," आई म्हणाली. एवढंच. घरच्यांना तेवढं पुरे होतं.

अधिकाऱ्यांनी चष्मा चढवला. "चला, सुरू करू या. नवरी कुठे आहे?"

नवरी जिन्यात होती. पोशाख दोन्ही हातांनी उचलून धडाधड पायऱ्या उतरत होती. रस्त्यावर आली, गाड्यांना हात दाखवून रस्ता ओलांडला. थांब्यावर बस उभी होती आणि मामाचा एक पाय पायरीवर होता. बारकीने मागून त्याचा कोट धरला.

"बसताय की नाही?" ड्रायव्हरने विचारलं.

"बसतोय," मामा म्हणाला.

"नाही बसत तो," बारकी म्हणाली.

"घरातच ठरवून यायचं होतं," ड्रायव्हर म्हणाला, पण नवरीचा पोशाख बघून त्याने इंजिन बंद केलं.

"तोंड फिरवलं त्यांनी," मामा म्हणाला. "मी आपणहून गेलो होतो. कसे आहात भाऊजी, असं विचारणार होतो. येताना सबंध रस्ता घोकत आलो होतो ते."

"मीच सांगितलं होतं त्यांना, मामा. तोंड उघडू नका म्हणून. ते कोणाशीच बोलत नाहीयेत, माझ्या सासूशीसुद्धा नाही. तू समोर आलास आणि आता आपल्या तोंडून काहीतरी निघेल, या भीतीनेच फिरले ते."

मामाने तिच्याकडे बघितलं. "तू सांगितलंस आणि त्यांनी ऐकलं?"

"सकाळपासून."

"सकाळपासून?" मामाने पायरीवरचा पाय काढला. "चहाच्या वेळीही बोलले नाहीत?"

"साखर हवी होती तर बोटाने दाखवली."

मामाच्या ओठाचा कोपरा हलला, पण हसू बाहेर पडलं नाही. तो पुन्हा बसकडे बघायला लागला. आणि तिथे, भर रस्त्यात, बारकीला एकदम जाणवलं की आपल्याला भीती वाटायची थांबली आहे. ज्याची इतके दिवस धास्ती घेतली होती ते होऊन गेलं होतं. बाबांमुळे जे व्हायचं ते झालं होतं, मामा रुसून निघाला होता, आणि तरी वर बदक नव्या बुटांत तिची वाट बघत होता. काहीच बुडालं नव्हतं.

तिने कोट सोडला.

"मामा, आई धावली होती तुझ्यामागे, आज मी धावले. यापुढे मी धावणार नाही. तुला जायचं असेल तर जा, मी चिडणार नाही. पण मी वर जाऊन लग्न करणार आहे आणि हसत करणार आहे. तू असलास तरी आणि नसलास तरी." ती थांबली. "असलास तर जास्त हसेन, एवढंच."

बसमधली माणसं खिडक्यांना टेकून ऐकत होती. मामा खाली मान घालून बूट बघत राहिला. तेवढ्यात पलीकडून बाबा धापा टाकत येऊन पोचले. त्यांनी मामाकडे बघितलं, मुलीकडे बघितलं आणि आपल्या मिटल्या ओठांकडे बोट दाखवून भुवया उंचावल्या.

"बोला, बाबा," बारकी म्हणाली.

"किती?"

"हवं तेवढं."

हळू बोलायची त्यांना सवय नव्हती, त्यामुळे पहिलं वाक्य नुसतं घोगरं पुटपुटणं झालं.

"ऐकू आलं नाही," मामा म्हणाला.

बाबा सरळ उभे राहिले. छाती भरून घेतली. "चुकलं माझं," ते म्हणाले, आणि ते लिलावाच्या आवाजात म्हणाले. पोस्टाच्या छपरावरची कबुतरं उडाली. समोरच्या इमारतीत दोन खिडक्या उघडल्या. वर हॉलच्या खिडक्यांत पाहुण्यांची डोकी दाटली. "तुझा कोट चांगला होता. बाही बरोबर होती. मी लोकांना हसवायला तुला वापरलं. ते मला इतक्या वर्षांत कबूल करवलं नाही."

"हळू बोला ना," मामा कानापर्यंत लाल होऊन म्हणाला.

"हळू बोललो तर तुला ऐकू येत नाही."

मामाने कोटाची बाही खाली ओढली. मग घोकलेलं वाक्य सोडून भलतंच म्हणाला, "बाही लांबच होती, भाऊजी. घाईत शिवला होता."

ड्रायव्हरने इंजिन सुरू केलं. "लग्न कुठे आहे?" त्याने विचारलं. बारकीने वर बोट दाखवलं. "मग जा की," तो म्हणाला, आणि जाताना त्याने लांबलचक हॉर्न वाजवला.

जिना चढताना बाबा पुढे, मामा मागे, मध्ये बारकी, आणि तिघांनाही धाप लागलेली. काकू वर खिडकीपाशीच होत्या. त्यांच्या डोळ्यांत पाणी दिसलं तेव्हा बारकीच्या काळजात चर्र झालं, मग लक्षात आलं की त्या हसतायत. आवाज न करता, खांदे हलवत.

"आमच्याकडे कोणी रुसलं ना," त्या डोळे टिपत म्हणाल्या, "तर वर्षं जातात, आणि कोण कोणावर रुसलंय तेच कळत नाही. तुमच्याकडे निदान ऐकू तरी येतं."

"विहीणबाई, ऐकू येण्याची काळजी आता तुम्ही करूच नका," बाबा म्हणाले, आणि सकाळपासून साठलेलं सगळं बोलायला लागले.

सही करताना बारकीचा हात जराही हलला नाही. बदकाचा हलला. त्याच्या सहीला शेपूट फुटलं आणि अधिकाऱ्यांनी त्याच्याकडे चष्म्यावरून बघितलं. साक्षीदार म्हणून मामाने सही केली, ती कापडावर खडूने आखतात तशी, एका दमात. लोकांनी टाळ्या वाजवल्या. बदकाने तिचा हात धरला तो पुढे जेवणं होईपर्यंत सोडला नाही, त्यामुळे दोघांनाही एकेका हातानेच जेवावं लागलं.

मामा जेवायला थांबला. दोनदा वाढून घेतलं. बाबांनी भाषण केलं, लांबलं, मधले दोन विनोद पडले, आणि एका ठिकाणी मामा खुर्चीतूनच म्हणाला, "असं झालंच नव्हतं, भाऊजी." मग खरं काय झालं होतं यावर दोघांची चांगलीच जुंपली. पाहुणे ह्याच्याकडून त्याच्याकडे माना वळवत राहिले. बारकीने मामाच्या बुटांकडे एकदा नजर टाकली. ते टेबलाखाली लांब पसरलेले होते, उठायचं चिन्ह नव्हतं.

टेबलं बाजूला सारून गाणी लावली तेव्हा आई लगबगीने तिच्याकडे आली. "बारके, ते दोघं आता खुर्च्या कुठे रचायच्या यावरून भांडतायत. जाऊन बघतेस का जरा?"

"भांडू दे," बारकी म्हणाली आणि आईचा हात धरून तिला ओढत मध्ये नेलं.

"अगं, मला नाचता येत नाही."

"मला तरी कुठे येतं."

आईने मागे वळून एकदा भावाकडे आणि नवऱ्याकडे बघितलं. मग पर्स खुर्चीवर टाकली आणि लेकीसोबत नाचायला लागली.